दुसऱ्यांच्या वाक्यांवर हलणारे ओठ

प्रिय आल्माबाई,

आपली ओळख नाही. तुम्ही गेलात तेव्हा माझा जन्मही झाला नव्हता. तरी लिहितेय, कारण आज सकाळी एक ईमेल आली आणि माझं डोकं फिरलं. नॉटिंगहॅमच्या आमच्या फिल्म सोसायटीत शनिवारी तुमचा जुना स्वीडिश मूकपट आहे, तो नावाड्याच्या मुलीचा. प्रास्ताविक मी करणार आहे. आमचे अध्यक्ष मार्टिन लिहितात, लेखक म्हणून तुमच्या नवऱ्याचंच नाव घ्यायचं. तुम्ही फक्त नटी.

फक्त?

मी निवृत्त डॉक्टर. इथल्या मराठी मंडळासाठी गणपतीत नाटक लिहिते आणि त्यात कामही करते. माझी एक खोड आहे. समोरचा बोलायला लागला की माझे ओठ त्याच्या वाक्यावर हलतात. लिहिताना प्रत्येकाचं वाक्य मीच मोठ्याने म्हणून बघितलेलं असतं ना! माझा नवरा सुनील तालमीत वैतागतो. "अगं, तू माझी लाइन बोलतेयस. ऑडियन्सला दिसतं ते." दुसऱ्याने लिहिलेल्या नाटकात मात्र तोंड गप्प. तिथे माझी स्वतःची वाक्यं आठवली तरी मिळवलं.

तुमचा हा सिनेमा पहिल्यांदा पाहिला तेव्हा एका दृश्यात नावाडी बाप तुम्हाला दम देत होता. तुम्ही मान खाली घालून उभ्या होतात आणि तुमचे ओठ हलत होते. जाणकार म्हणतात, ही नटी कॅमेऱ्यासमोर घाबरायची. कसली घाबरतेय! मी सुनीलला हाक मारली. त्याने तेवढाच तुकडा पुन्हा लावायला सांगितला आणि म्हणाला, "हिनेच लिहिलंय हे. सेम तुझ्यासारखं करतेय."

मग मिळतील ते तुमचे सगळे सिनेमे पाहिले. नवऱ्याच्या नावावर असलेल्या प्रत्येक कथेत तुमचे ओठ हलतात. दुसऱ्यांच्या कथांमध्ये ते बंद असतात. माझ्याबरोबर वॉर्डवर काम केलेली कारिन मूळची स्वीडनची. ओठांवरचं स्वीडिश वाचायला तिला शेजारी बसवलं. ती म्हणाली, बापाचं वाक्य बापाच्या आधी मुलीच्या तोंडात येतंय.

मार्टिन माणूस वाईट नाही. हे सगळं मी त्यांना गेल्याच आठवड्यात दाखवलं होतं. त्यांनी शांतपणे पाहिलं आणि म्हणाले, कल्पना छान आहे, पण ओठ म्हणजे पुरावा नव्हे. मग नवऱ्याचा पुरावा काय? पोस्टरवर नाव आहे. पोस्टर कुणी छापलं? नवऱ्याच्याच कंपनीने. चोराच्या हाती जामदारखान्याच्या किल्ल्या!

खरं सांगू? तुमचाही राग येतो मला. का गप्प बसलात? घर मोडू नये म्हणून? की बाईच्या नावावर तिकिटं खपत नाहीत, असं कुणी सांगितलं? मलाही मंडळात विचारतात, "वहिनी, स्क्रिप्ट सुनीलरावांनी चेक केलंय ना?" मी म्हणते, त्यांनी पाठ केलं तरी पुष्कळ झालं.

पुढे बोलपट आले आणि तुमचा आवाज किनरा म्हणून तुम्हाला कुणी बोलावेना. मग तुम्ही कुठल्याशा गावात मुलींना शिवण शिकवत राहिलात. जिने सगळ्यांच्या तोंडी वाक्यं घातली, तिलाच बोलायची वेळ आल्यावर घरी पाठवलं. हे वाचलं त्या दिवशी मला जेवण गेलं नाही.

आज दुपारी सुनील म्हणाला, "कमिटीवरून काढतील हं तुला."

"काढू देत," म्हटलं. "खुर्च्या मांडायला दुसरं कोण येतं ते बघूच."

तर आल्माबाई, हा माझा शब्द. शनिवारी मी उभी राहीन आणि पहिलंच वाक्य म्हणेन, कथा आणि पटकथा आल्मा यांची. मग लोकांना सांगेन, माझ्यावर विश्वास ठेवू नका, बाप बोलत असताना मुलीच्या तोंडाकडे बघा. मार्टिननी मध्येच माइक बंद केला तरी बेहत्तर. तुमच्या सिनेमाला आवाज लागतच नाही.

तुमच्याच जातकुळीची,
मधुरा