गंजीखालचा रूपांतरित खडक

२ ऑक्टोबर, बुधवार. सकाळी.
गांधी जयंती. संकल्पाला याहून चांगला दिवस नाही. आजपासून राग बंद.

शिवकन्या पोळ्यापासून माहेरी, उमरग्याला. काल सासरेबुवांचा, चन्नबसप्पांचा फोन आला. म्हणाले, "जावईबापू, पाडव्याला पोरीला घिऊन येतो. पर तवर कुणावर हात उचलल्याचं कानावर आलं, तर उंबऱ्यावरनंच माघारी." मी म्हणालो, खुशाल या. येताना करंज्या आणा.

पोळ्याला नक्की काय झालं ते मला नीट आठवत नाही. दुपारी जरा डोळा लागला होता आणि स्वयंपाकघरात घरघर चालली होती. ती मी बंद केली. त्यात काही वस्तू जागच्या हलल्या आणि तिच्या पायाच्या अंगठ्यावर काहीतरी पडलं. मी फेकलं असं ती म्हणते. मी वस्तू फेकत नाही. ठेवतो. जरा जोरात.

दुपारी.
दूध नासलं. पातेलं अंगणात ठेवलं. जरा लांब.

४ ऑक्टोबर, शुक्रवार.
नववीला 'रूपांतरित खडक' शिकवला. भूगोलातला माझा सगळ्यात लाडका धडा. साधा दगड घ्यायचा, मैलोन् मैल खाली गाडायचा, भाजायचा, चिरडायचा, पिळून काढायचा. वितळू मात्र द्यायचा नाही. मग चुनखडीचा संगमरवर होतो आणि चिखलाच्या दगडाची पाटी होते. माराशिवाय सुधारणा नाही हे निसर्गानंच लिहून ठेवलंय, पण सरकारी परिपत्रकात ते येत नाही. मागच्या बाकावर कुणीतरी हसलं. डस्टर भिंतीवर ठेवला.

घरी येताना लक्षात आलं, माणसाचंही हेच आहे. महिनाभर मी एकटा, हातानं भाकरी थापतोय, वरून सासऱ्याचा दाब. म्हणजे माझं रूपांतर आतून सुरूच आहे. पाडव्याला शिवकन्या ओळखणार नाही मला.

अडचण एकच. आपल्या जिल्ह्यात रूपांतरित खडक नाही. बेंबळीपासून भूमपर्यंत कुठंही खणा, काळा बेसाल्ट. लाव्हा आला, थंड झाला, बसला. पुढं काही नाही. असल्या दगडावर राहून माणसं कशी सुधारणार?

६ ऑक्टोबर, रविवार.
आज इतिहास घडला.

चुलतभाऊ धनाजीची कडब्याची गंज पोळ्यानंतर आमच्या बांधावर आलीय. माझ्या स्वयंपाकघराच्या खिडकीच्या अगदी समोर. ती हलव म्हणून सांगायला गेलो तर तो घरी नव्हता. मग गंजीशीच बोललो. फावड्यानं. अर्धी आडवी झाली आणि तळाशी, एकदम कोरड्यात, एक दगड सापडला.

करडा, गुलाबी, करडा, गुलाबी असे पट्टे. एक कड ताजी तुटलेली. वरची बाजू सपाट, मधे किंचित खोलगट: प्रचंड दाबाचा परिणाम. त्यावर एकसारखे बारीक खड्डे, ओळीनं: हा प्रकार पुस्तकात नाही, बहुधा नवीन शोध. खड्ड्यांत पिवळं काहीतरी: गंधक.

आणि हातोडीनं ठोकला, तर लसणाचा वास! दगडात आर्सेनिक असलं की ठोकल्यावर लसणाचा वास येतो, हे पुस्तकात चक्क छापलंय. अंगावर काटा आला.

बेंबळीच्या शिवारात रूपांतरित खडक! खालून, बेसाल्ट फोडून, थेट माझ्या बांधावर! आनंदाच्या भरात उरलेली गंजही आडवी केली.

१२ ऑक्टोबर, शनिवार. दसरा.
शस्त्रपूजेत हातोडी ठेवली. हळदकुंकू वाहिलं.

मन मोठं करून धनाजीला सोनं द्यायला गेलो. तो म्हणाला, "दादा, सोनं ऱ्हाऊ द्या. गंज कोन भरून देनार?" त्याला समजावून सांगितलं की विज्ञानापुढं कडबा क्षुल्लक आहे. त्याला पटेना. म्हणून दोन भूपट्ट एकमेकांवर आदळले की काय होतं ते करून दाखवलं. एक भूपट्ट मी, दुसरा तो. त्याचं नाक फुटलं, माझा पुढचा दात गेला.

मी हात उचललेला नाही, हे मुद्दाम लिहून ठेवतो. डोकं वापरलं. शिक्षकानं डोकं वापरायचं नाही तर काय वापरायचं?

चुलती, म्हणजे धनाजीची आई धुरपदाबाई, पेंढी घेऊन धावली. पाठीवर हाणत म्हणाली, "मुडद्या, बायकूचा अंगठा मोडलास, आता माझ्या पोराचं नाक व्हय रं?" मी उलट बोललो नाही. पेंढी फक्त हिसकावली आणि पेटवली. सणाला उजेड पाहिजेच.

रूपांतर वेगानं चालू आहे.

१९ ऑक्टोबर, शनिवार.
शाळेत दगडाचं प्रात्यक्षिक. मुख्याध्यापक गोरोबा सरांनी दगड हातात घेतला, उलटासुलटा केला, हुंगला आणि म्हणाले, "मास्तर, भूक लागली बघा."

अख्खा स्टाफ खिदळला. मी शांतपणे दगड त्यांच्या टेबलावर ठेवला. टेबलावर काच होती. होती. एक तुकडा सरांच्या मनगटात घुसला, त्यात माझा काय दोष? काचेलाच दाब सहन होत नाही.

संशोधनासाठी दिवाळीपर्यंत रजा मिळाली. मी मागितली नव्हती, तरी मिळाली. कदर आहे अजून.

२५ ऑक्टोबर, शुक्रवार.
कॉलेजातला मित्र श्रीमंत आता विद्यापीठात भूगर्भशास्त्र शिकवतो. त्याला तुकडा पाठवला होता. आज फोन. म्हणाला, नाइस आहे, शंकाच नाही. नाइस म्हणजे पट्ट्यापट्ट्यांचा अस्सल रूपांतरित खडक! तुमच्याकडं असा दगड असला तर शेकडो मीटर खाली, वर येणं शक्यच नाही, म्हणाला. म्हणजे माझ्या दगडानं अशक्य ते केलं. पुढं तो विचारत होता, कुणी बाहेरून आणलाय का बघ. मत्सर, दुसरं काय? फोन ठेवला. नवीन घ्यावा लागेल.

माझ्याच नावावरून खडकाचं नाव ठरवलं: शांतलिंगाइट. पाडव्याला शिवकन्येसमोरच जाहीर करायचं. ओवाळून झालं की.

२९ ऑक्टोबर, मंगळवार. डाव्या हातानं लिहितोय.
गंजीच्या जागी खणायला घेतलं. छातीएवढा खोल गेलो. काळा दगड आणि काळी मातीच. धनाजी आला. बांध खणला म्हणून वरून ढेकळं मारायला लागला. एक कपाळावर, एक कानावर. मला वाईट वाटलं नाही. खडकाला खाली काय वाटत असेल ते कळलं. मग त्याचा पाय धरून त्याला आत घेतला.

आत जागा कमी होती. कोण कुणाला चावलं सांगणं अवघड आहे. चुलतीनं वरून पाण्याची घागर ओतली तेव्हा आम्ही सुटे झालो. ती रडत होती. "येका आज्याची नातवंडं तुमी," म्हणाली, "अन् कुत्र्यावानी..." पुढचं ऐकू आलं नाही, कानात चिखल होता.

उजवा हात मोडला. प्लास्टर. देव पाठीशी आहे. आता पाडव्यापर्यंत हात उचलणं शक्यच नाही.

२ नोव्हेंबर, शनिवार. पाडवा.
सकाळपासून घर झाडलं. चौरंगावर दगड मांडला, झेंडूची माळ घातली, समोर पुठ्ठ्यावर नाव लिहिलं. नवा सदरा डाव्या हातानं घातला, दोन बटणं राहिली.

दहाच्या सुमाराला रिक्षा आली. पुढं सासरेबुवा, मागं शिवकन्या. हातात जड पिशवी. अजून लंगडते. माझं तोंड, दात, प्लास्टर, सगळं तिनं एकदा बघितलं. तरी उंबरा ओलांडून आत आली. मला वाटलं, जिंकलो.

मग चौरंगाकडं बघितलं. जागच्या जागी थांबली. पुठ्ठा वाचला. पिशवी खाली ठेवून तिच्यातून दगड काढला आणि माझ्या दगडाला लावला.

पट्ट्याला पट्टा जुळला. करडा, गुलाबी, करडा, गुलाबी. मधला खोलगटपणाही पुरा झाला.

"आज्जीचा पाटा हाय," ती म्हणाली. "रायचूरकडनं तिच्या लग्नात आलता, मग माझ्या. पोळ्याला चटणी वाटत हुते. तुमी उचलून आपटला. अर्धा माझ्या पायावर, अर्धा खिडकीतनं भाईर."

पाथरवटाच्या टाकीचे खड्डे. हळद. लसूण. एकेक करून सगळं कळत गेलं. मी म्हणालो, पण आता मी बदललोय. उष्णता आणि दाब...

"अर्धा बी चालंल म्हनून घिऊन आलते," ती म्हणाली. "दोघापुरतं वाटन निघतंय अर्ध्यावर." मग तिनं दोन्ही अर्धे सुटे केले. "दाब तुमचा हुता. पर पडला माझ्यावर, अकरा वर्सं. कुनी बदललं आसंल तर मी बदलले. तुमी निस्तं तापता अन् थंड हुता."

मला राग आला. मोठा राग. कुणावर ते कळेना. डावा हात मोकळा होता, तो मी पायाखाली दाबून बसलो.

सासरेबुवांनी झेंडूची माळ काढून चौरंगावर ठेवली. हळूच ठेवली. दोन्ही अर्धे पिशवीत भरले. शिवकन्या उंबऱ्यावर थांबली, मागं वळली. मला वाटलं, ओवाळते. तिनं फक्त माझ्या सदऱ्याची राहिलेली बटणं लावली आणि गेली.

मला रडू आलं. फटाक्यांचा धूर होता, असं आधी लिहिलं होतं. खोडलं.

३ नोव्हेंबर, रविवार. दुपारी.
चुलतीनं बांधावरून दोन भाकरी दिल्या. धनाजी नाकावर पट्टी लावून गंज रचत होता. त्यानं बघून न बघितल्यासारखं केलं.

भाकरीबरोबर काही नव्हतं. मिक्सर मागंच जूनमध्ये विहिरीत ठेवलेला. पायरीच्या काळ्या दगडावर दोन मिरच्या, मीठ, लसणाच्या चार पाकळ्या घेतल्या आणि डाव्या हातानं हातोडी मारली. निम्मं इकडंतिकडं उडालं. दगडाला काही झालं नाही.

वास आला. लसणाचाच होता.