पट्टीवर नसलेली तार

हार्लन्स फेरी, पेनसिल्व्हेनिया
१४ मे १८५२

प्रिय लेम्युएल,

तार कंपनीचा सुपरिंटेंडेंट म्हणून तू पाठवलेला माफीनामा मिळाला. 'निरोप मी यंत्राच्या आवाजावरून वाचला नाही, नुसता अंदाज केला' असं मी लिहून द्यायचं, नाहीतर सोमवारी चौकशी आणि नोकरीवरून छुट्टी. अक्षर मात्र तुझं अजून तसंच सुबक आहे.

अंदाज? त्या दुपारी वरच्या गावाहून तार सुरू झाली आणि निरोपाच्या खुणा जिच्यावर उमटतात ती कागदाची पट्टी चाकात अडकली. मी ती सोडवत बसले नाही. नुसता यंत्राचा कडकट्ट ऐकला: धरण फुटलं, पाणी येतंय. धावत सुटले ती थेट नदीकाठच्या गिरणीत. गिरणीवाले प्रॅट म्हणतात कसे, "कागद कुठाय, पोरी? कागदाशिवाय कंपनीचा निरोप कसा मानायचा?" त्यांची बायको कडाडली, "कागद काय चाटायचाय? आधी पोरं उचला!" टेकडीवर पोहोचून मागे पाहिलं, तर गिरणीचं छप्पर वाहत चाललं होतं. बावीस माणसं वाचली, लेम. आणि कंपनीला पट्टी हवी आहे.

नियम मला पाठ आहे. पट्टीवर उमटेल तोच निरोप, कानाने वाचणं हा गुन्हा. पाच वर्षांपूर्वी कंपनीने खांब रोवले, तेव्हा इथले शेतकरी म्हणायचे, ही तार पाऊस पळवते. आपण त्यांना हसायचो. आता कंपनीच स्वतःच्या यंत्राच्या आवाजाला घाबरते.

आणि हा गुन्हा मला शिकवला कोणी? तू हॅरिसबर्गच्या तारयंत्रावर, मी इकडच्या. "पट्टी काढून ठेव, थर्झा, डोळे मीट आणि ऐक," असं तारेवरून तूच सांगायचास. मी चुकले की "बहिरे!" म्हणून चिडवायचास. त्याच तारेवरून, पट्टी काढून ठेवूनच, तू मला लग्नाचं विचारलंस. मी लगेच हो म्हटलं. पुढे संचालकांच्या मुलीशी तुझं ठरलं, तेव्हा म्हणालास, "आपलं काही ठरल्याचं कुठे लिहिलंय का?" मी खूप रडले, पण गप्प बसले. ती माझी चूक झाली.

माफीनामा सहीविनाच परत पाठवते आहे. नोकरी जाईल याची भीती वाटते, पण सही करणार नाही. पत्र लिहिलं ते तुला आधी कळावं म्हणून. सोमवारी ते विचारतील, कानाने वाचायला कोणी शिकवलं? मी तुझं नाव सांगणार आहे. तू म्हणशील, पुरावा काय? मग मी त्यांना यंत्र सुरू करायला सांगेन, पट्टी काढून, आणि म्हणेन, माझ्याकडे नका बघू, साहेबांकडे बघा. यंत्र वाजू लागलं की निरोपाच्या प्रत्येक शब्दाबरोबर तुझे ओठ आपोआप हलतात, लेम. गेल्या महिन्यात तपासणीला आलास तेव्हाही हलत होते.

तुझीच शिष्या,
थर्झा