खिडकीचा दावा

३ जानेवारी
नवी वही. संकल्प एकच, यंदा केस जिंकायची. गावी काकांनी आमच्या स्वयंपाकघराच्या खिडकीला लागून भिंत घातली. तेव्हापासून आई भरदुपारी दिवा लावून भाजी चिरते. दावा मीच ठोकलाय. शाळा सातवीत सुटली, पण कायद्याचं डोकं उपजत आहे. एकदा साक्ष दिली की काका गार. तारीख १९ ला. जाणार म्हणजे जाणार.

१७ जानेवारी
सुपरवायझरकडे सुट्टी मागितली. म्हणाला, खुशाल जा, पण परत येऊ नकोस. गोदामात माल साचलाय. मग मी स्वतःच न जायचं ठरवलं. उलट काकांना वाटेल, हा एवढा निवांत, म्हणजे पुरावा भक्कम असणार.

२० जानेवारी
वकिलांचा फोन. पुढची तारीख मिळाली. डाव बरोबर पडतोय.

२ मार्च
गोदाम सोडलं. तिथे बुद्धीला वाव नव्हता. आता काचेच्या कारखान्यात. दिवसभर खिडक्यांच्या काचा पॅक करतो. तारीख ९ ला, पण नव्या नोकरीत लगेच रजा बरी दिसत नाही. आरशासमोर साक्षीची तालीम केली. रूममेटने विचारलं, जज आरशात बसतो का? अडाणी.

१० मार्च
वकील भडकले. जज म्हणाले म्हणे, शेवटची संधी. सगळ्यांनाच म्हणत असतील. काका मात्र दर तारखेला हजर. टरकलेत.

६ एप्रिल, सकाळ
उद्या तारीख. रजा मंजूर! शर्टला इस्त्री. बस तीनची.

६ एप्रिल, रात्री
दुपारी फोर्कलिफ्टच्या कामाची मुलाखत निघाली. जिंकल्यावर घरी जायचं तर चांगल्या हुद्द्यावरून जावं. चाळीस जण रांगेत. बस गेली. काम दुसऱ्याला मिळालं.

८ एप्रिल
काल कोर्टात तीनदा पुकारा झाला. वादी गैरहजर, दावा काढून टाकला. वकिलांना विचारलं, म्हणजे मी हरलो? म्हणाले, हरायलासुद्धा यावं लागतं. दावा परत उभा करायचा तर तीस दिवसांत अर्ज, न येण्याचं ठोस कारण लिहून. कारणांची माझ्याकडे काय कमी!

११ एप्रिल
काकांचा फोन. तीन वर्षांनी. वाटलं, खिजवणार. तर माझ्यावरच ओरडले. गाढवा, दोन्ही वेळा मुदत मीच मागून घेतली, पोरगं लांब कामाला आहे म्हणून. यावेळी जज म्हणाले, तुम्ही प्रतिवादी आहात की त्याचे वकील? भिंत काकूच्या हट्टाची. भिंत पाडा असा कोर्टाचा कागद आला असता तर तिच्यापुढे धरला असता आणि दुसऱ्या दिवशी भिंत पाडली असती. आता ती गल्लीभर सांगत फिरतेय, भिंत ठेवा असं कोर्टच म्हणालं.
हो हो म्हणून फोन ठेवला. तालीम साक्षीची केली होती, याची नाही.

७ मे
अर्जाचा शेवटचा दिवस. वकील म्हणाले, चारपर्यंत कारण कळव. लिहायला बसलो. गोदामात माल होता. खोडलं. नवी नोकरी होती. खोडलं. फोर्कलिफ्ट. तेही खोडलं.
शेवटी आईलाच फोन लावला, तूच सांग काय लिहू.
म्हणाली, थांब हं, चष्मा कुठे ठेवला दिसत नाहीये, आधी दिवा लावते.
घड्याळात सव्वाबारा. दुपारचे.