गेटातून आत घ्यायचा अधिकार

१७ मार्च १९८७
लेबर कोर्टाचा निकाल लागला. भीमरावला कामावर परत घ्या म्हणे. लेथवरचा हाच तो भीमराव. ८४च्या दसऱ्याला मशीनपूजेच्या वेळी मी शिस्तीवर भाषण करत होतो, तर हा मागे उभा राहून माझीच नक्कल करत होता. अख्खी फॅक्टरी हसली. मी त्याला काढला. पर्सोनेल ऑफिसर आहे, चेष्टा नाही.
शेटजी म्हणाले, साईं, ये आदमी अंदर नहीं आना चाहिए. नाही आला तर मॅनेजरची खुर्ची माझी. म्हणजे मिळालीच.

२ एप्रिल
गेटवर सरकारी कामगार अधिकारी. सोबत भीमराव, इस्त्रीचा शर्ट, हातात डबा. मी आतूनच विचारलं, हुकूम बजावायचा अधिकार आपल्याला कुणी दिला? हे तहसीलदाराचं काम. अधिकारी गांगरला, गेला. हा मुद्दा मला आंघोळ करताना सुचला होता.

११ जून
आज तहसीलदाराचा माणूस आला. त्याला म्हटलं, हे तर कामगार अधिकाऱ्याचं काम. काम टळलं म्हणून तोही खूश. भीमराव डबा घेऊन परत.
घरी वृंदाला सांगितलं. ती म्हणाली, मग तो डबा खातो कुठे? हिला कायद्यातलं काही कळत नाही.

२२ जानेवारी १९८८, शुक्रवार
फॅक्टरीला सुट्टी. कॅम्प तीनला दिनानाथ वकिलांकडे गेलो. खालच्या मजल्यावर जीन्स शिवतात, त्या घरघरीत अर्धा कायदा ऐकूच येत नाही. कोर्टाने हुकूम बजावायचा अधिकार कामगार अधिकाऱ्याला दिला आहे. आपण तो तहसीलदाराचा म्हणून अपील करायचं. हरलो तर कलेक्टरचा म्हणून. अधिकारी पुष्कळ आहेत.
संकल्प: रोज पहाटे उठून कायदा वाचणे.

२३ जानेवारी
उठलो नाही. बदलापूरला गारठा फार.

५ ऑगस्ट १९८९
अपील हरलो. पण न्यायमूर्ती दोनदा माझ्याकडे बघून हसले. पोचला असणार मुद्दा. आता हायकोर्ट.
भीमराव सध्या कॅम्प तीनमध्ये हातगाडी ढकलतो, असं वॉचमन म्हणाला. मी विचारलं नव्हतं.

१४ नोव्हेंबर १९९०
हायकोर्ट विचारतंय, तुमच्या फॅक्टरीत माणसाला आत घेतो तरी कोण, ते शपथेवर सांगा. वकील म्हणाले, मोघम लिहा. मी आणि मोघम! स्वतः मजकूर सांगितला: 'माझ्या सहीच्या कार्डाशिवाय या गेटातून मालकांचा मेहुणासुद्धा आत येऊ शकत नाही. तो अधिकार सर्वस्वी माझा.' वाचून माझं मलाच भरून आलं. वकिलांनी कपाळाला हात लावला. भारावले असावेत.

१० सप्टेंबर १९९१
निकाल. कामगार अधिकारी नको, तहसीलदार नको, कलेक्टरही नको. हुकूम मीच बजावायचा, जातीने, येत्या सोमवारपर्यंत. नाहीतर तुरुंगात मी.
शेटजींकडे धावलो. ते म्हणाले, अधिकार आपका, तो जेल भी आपकी.

१५ सप्टेंबर
निरोप धाडतोय, भीमराव येत नाही. झोप नाही. वृंदा म्हणाली, स्वतः जा.

१६ सप्टेंबर, सोमवार, सकाळी
रिक्षाने सोनिवलीला त्याच्या घरी. भीमराव दारात दाढी करत बसलेला. मी कार्ड पुढे केलं. त्याने साबणाच्या तोंडानेच विचारलं, हुकूम बजावायचा अधिकार आपल्याला कुणी दिला? माझाच आवाज, मानेच्या झटक्यासकट. हुबेहूब होतं, कबूल करतो. त्याची बायको शालन आत हसत होती. मी म्हटलं, भीमराव, चला हो, पाया पडतो. तो म्हणाला, रिक्षा थांबवा साहेब, डबा भरू द्या.

त्याच दिवशी, संध्याकाळी
गेट मीच उघडलं. मॅनेजरच्या खुर्चीत शेटजींचा मेहुणा बसलेला. कार्डाशिवाय.
सुटताना भीमराव जवळ आला. म्हणाला, साहेब, यंदा दसऱ्याला भाषण करा की. मी गेल्यापासून तुम्ही बोलतच नाही म्हणे. नोकरीच्या सबंध काळात माझं भाषण कुणी मागितलं नव्हतं.
वृंदा म्हणाली, अहो, त्याला नक्कल करायला हवंय ते.
कळतं मला. तरी लिहायला बसलोय.