चांदी काळी पडत नाई

डेहराडून, ऑगस्ट १९७८

ती. आईस,
इथूनच तुझ्या पायावर डोकं ठेवतो.

मी बरा आहो. जेवण ठीक आहे. पवनारले पाऊस कसा आहे?

इथं मी जंगलातल्या विषारी भूछत्रांच्या जाती ओळखून लावतो. काल एक बारीक, तपकिरी, खवलेदार टोपीचं छत्र समोर आलं. बाबांनी भाजीसाठी रानातून आणलेल्या सात्यांत, खायच्या छत्रांत, मिसळलं होतं, तेच. मी त्याले नावाची चिठ्ठी लावली अन् चहा प्यायलो.

साहेब म्हणतात, या विषानं चांदी काळी पडतच नाई. तू विष पारखाले उकळत्या भाजीत देवातला चांदीचा रुपया टाकला, तो पांढराच राह्यला. मंग तू तरी काय करशील? बाबा त्या विषानं गेले, तुझ्या हातानं नाई.

पद्माताई, हे आईले दोनदा वाचून दाखवजो. बाबा गेल्यापासूनचा सयपाक अजून तूच करून राह्यली का?

आई, दिवाळीले येतो. भाजी तू करजो.

तुझा
कृष्णकांत