नुसत्या मिठाचा मासा

ता. ४ नोव्हेंबर

ती. वन्संना सा. न. वि. वि.

तुमच्या भावाचं काहीतरी बिनसलंय. लिहायला संकोच वाटतो, पण दुसऱ्या कुणाकडे मन मोकळं करू? तापातून उठल्यापासून ह्यांची तऱ्हाच बदलली आहे. मामंजींच्या वेळेपासून आपल्या खानावळीत भट्टीच्या निखाऱ्यावर भाजलेला नुसत्या मिठाचा मासा मिळायचा. तो ह्यांनी बंद केला. आता सगळं जपानी! मिसो म्हणून आंबवलेल्या सोयाबीनचं वाटण असतं, त्यात सोया सॉस, आलं आणि वर आपला गूळ आणि चिंच. त्याचा जाड लेप माशाला, तोच वांग्याला, तोच लाल भोपळ्याच्या फोडींना. भाजी हंगामातली, कोवळी आणतात, गिऱ्हाईकही बोटं चाटतं. पण इतका लेप कशाला? खाली काय झाकायचंय?

त्यात रोज सकाळी बाजारातून आले की मासा थेट माझ्या नाकाशी धरतात आणि माझ्या तोंडाकडे टक लावून बघतात. माझ्या माहेरी मासा कधी शिजला नाही, मला त्यातलं काय कळणार? पूर्वी तर स्वतःच्या नाकापुढे कुणाला विचारायचे नाहीत. हल्ली मला त्या बघण्याची धास्तीच वाटते.

लोभ आहे म्हणून लिहिलं, वाचून झाल्यावरही तो कमी करू नका.

तुमची
धाकटी भावजय


ता. १० नोव्हेंबर

चि. सौ. धाकटीस अ. उ. आ.

तुझ्या पत्रानं माझं डोकं फिरलं. जाड लेप कशाला लावतात हे भट्टीवाल्याच्या लेकीला सांगायला नको. शिळ्या मालाला! आणि तुझ्या नाकाशी धरून तो अंदाज घेतोय, हिला कळलं नाही तर गिऱ्हाइकालाही कळायचं नाही. शेंडेफळ म्हणून डोक्यावर बसवलं, दुसरं काय.

मला तेव्हाच शंका यायला हवी होती. तापानंतर भेटायला आला, तो दारात पाऊल टाकताच माझ्या घराला आईच्या स्वयंपाकघराचा वास येतो म्हणाला. अगं, मी दातदुखीनं अंथरुणात होते, सकाळपासून शेगडी पेटलेली नव्हती! लोणी लावत होता, आणि मी आपली हुरळून गेले.

आता एक कर. त्याच्याकडे नुसत्या मिठाचा मासा माग आणि शेजारून हलू नकोस. मीठ काही झाकत नाही. माल शिळा निघाला तर भट्टीवर पाणी ओत. लोक विश्वासानं जेवायला येतात, बाबांचं नाव मी असं नासू देणार नाही.

राग त्याच्यावर आहे, तुझ्यावरची माया शाबूत आहे.

तुझी
वन्सं


ता. १९ नोव्हेंबर

ती. वन्संना सा. न. वि. वि.

तुम्ही सांगितलंत तसं केलं. काल दुपारी म्हटलं, पोटात ढवळतंय, मला नुसत्या मिठाचाच मासा हवा. ह्यांनी दोनदा विषय बदलला, मी हटले नाही. माझी तर खात्रीच पटली. शेवटी मासा जाळीवर टाकला आणि शेजारी भोपळा चिरायला लागले.

थोड्या वेळानं करपल्याचा वास सुटला. कोपऱ्यातल्या टेबलावरचा शिंपी नाकाला रुमाल लावून उठला. हे मात्र शांतपणे भोपळा चिरत होते. शेवटी मीच मासा उलटला. खालची बाजू कोळसा! वरून मोडून पाहिला, तर आत पांढराशुभ्र, ताजा, गोड. माल शिळा नव्हता, वन्सं. तापापासून ह्यांना वासच येत नाही.

मग हळूहळू सगळं बोलले. मिठाचा मासा नाकानं भाजायचा असतो, खालची बाजू कधी झाली ते वासावरूनच कळतं. लेप लावला की सारखं उलटून वर लेपाचा हात देत राहायचं, रंग डोळ्यांना दिसतो. म्हणून हे जपान! डॉक्टर म्हणतात, वास परत येईल किंवा येणारही नाही. नाक गेलेल्या भट्टीवाल्याच्या हातचं कोण खाणार, ह्या भीतीनं कुणालाच सांगितलं नाही. आणि माझ्या नाकाशी मासा धरायचे ते एवढ्याचसाठी, की सवय नसलेल्या माझं तोंड जराशा शिळ्या वासानंही वाकडं होणारच. माझ्या तोंडाकडे बघून हे माल निवडत होते, आणि मी ह्यांना चोर ठरवत होते. फार रडले. पण रागही गेलेला नाही. बायकोचं नाक वापरायचं आणि बायकोलाच सांगायचं नाही, ही कुठली रीत?

आमच्या दोघांवरही लोभ राहू द्या.

तुमची
धाकटी भावजय


ता. २४ नोव्हेंबर

चि. सौ. धाकटीस अ. उ. आ.

तुझं पत्र शेजारणीसमोर वाचायला घेतलं आणि अर्ध्यावर आत उठून गेले. लपवल्याबद्दल मी त्याचा कान धरणार आहे, हे त्याला आत्ताच सांगून ठेव. मिठाचा मासा परत सुरू करा. तो भाजेल, तू शेजारी उभी राहा. तुला सर्दी झाली, की त्या दिवशी फक्त जपान! भोपळ्यावर तो लेप कसा लागतो, तेही मला बघायचंय.

एक गोष्ट मात्र डोक्यातून जात नाही. त्या दिवशी माझी शेगडी थंड, त्याला वास येत नव्हता, आणि तरी दारात उभा राहून त्यानं आईच्या स्वयंपाकघराचा वास ओळखला. लपवायला बोलला, की त्याला खरंच आला, ते त्याला विचारू नकोस. मीही विचारणार नाही.

सुट्टीच्या दिवशी त्याला घेऊन ये. लोभाचं वेगळं काय लिहू? या खेपेला शेगडी आधीच पेटवून ठेवते.

तुझी
वन्सं