दातांनी काढलेला फोटो

रॉथसे, ब्यूट बेट
४ जून १९२८

प्रिय एफीस,

बाबाचे अनेक आशीर्वाद. इकडे आम्ही दोघं खुशाल आहोत. मोरॅगआत्याचा गुडघा दुखतो आणि तो दुखतो हे ती सगळ्या गल्लीला सांगते, म्हणजे तीही खुशालच. ग्लासगोत तुझ्या स्टुडिओत हल्ली लग्नाच्या फोटोंची फार गर्दी असते, हे तिला आलेल्या कार्डावरून कळलं. कार्ड तिच्याच नावाचं असतं, पण ती ते चहाच्या किटलीला टेकवून ठेवते. त्यामुळे वाचलं जातं.

पत्र लिहिण्यास तसं खास कारण नाही. बातमी म्हणशील तर माझे दात काढले. सगळे, वरचे आणि खालचे. एक दाढ ठणकत होती म्हणून एप्रिलमध्ये गेलो, तर डॉक्टर तोंडात डोकावून म्हणाला, एकेक कशाला, घर एकदमच रिकामं करू. आत्याला तर आनंदच झाला. तिला एकविसाव्या वाढदिवसाला तुझ्या आजोबांनी सगळे दात काढवून कवळी भेट दिली होती, ते तू ऐकलं आहेसच. दर वाढदिवसाला ऐकलं आहेस. "तेव्हापासून मी सुखात आहे," म्हणाली, "तूच आपला हट्टानं दाढा सांभाळत बसलास." आता मला तिन्ही त्रिकाळ ओटची पेज मिळते. तळलेली हेरिंग मासळी माझ्यासमोरून तिच्या ताटलीत जाते आणि मी नुसता बघतो.

हसू नकोस. किंवा हस. पण धंद्याचं काय होणार हे तुझ्या लक्षात आलं असेल. डॉक्टरला मी आधीच बजावलं होतं की बाबा रे, आमचा कॅमेरा इतका जड, की हलत्या लाँचमध्ये तो दोन्ही हातांनी धरावा लागतो. झडप उघडायला तिसरा हात नाही. म्हणून झडपेला हवा पोचवणाऱ्या नळीच्या टोकाचा रबरी गोळा दातांत धरायचा आणि शर्यतीची नौका जागेवर आली की चावायचा. तो म्हणाला, "म्हणजे तीस वर्षं तुम्ही फोटो चावून काढताय?" आणि पुन्हा पक्कड उचलली.

परवा कवळी आली. तिनं चावलं की ती गोळ्याला चिकटून बाहेर येते. नुसत्या हिरड्यांनी चावलं तर हवा सावकाश जाते, झडप उशिरा उघडते, आणि तेवढ्यात नौका निघून गेलेली असते. सराव म्हणून ग्रीनॉकच्या बोटीचा फोटो काढून बघितला. प्लेटवर तिचा धूर आला.

जुलैच्या दोन तारखेपासून शर्यतींचा पंधरवडा. आत्या म्हणते, पेपरात जाहिरात दे, 'दात असलेला माणूस पाहिजे.' तसं उत्तम दातांचं एक माणूस माझ्या माहितीत आहे, पण ते लग्नाच्या फोटोंत गुंतलेलं असतं असं किटलीवर वाचलं.

आणखी एक. शर्यतीची ती 'सोलान' नौका गेल्या हिवाळ्यात मोडीत काढली. ज्या यार्डात बांधली त्याच यार्डात, त्याच सुतारांनी. म्हातारा सुतार टॉरकिल तीन दिवस जेवला नाही म्हणतात. तिच्या महॉगनीच्या दोन फळ्या त्यानं बाजूला ठेवल्यात आणि त्यांतून आपण काढलेल्या तिच्या त्या फोटोला चौकट करतोय. सत्तावीस तारखेला तो नौका-क्लबाच्या दिवाणखान्यात लावणार, खाली फोटो काढणाऱ्याच्या नावाची पितळेची पट्टी. मला दोन शब्द बोलायला सांगितलंय. बोळक्या माणसाला. असो.

प्रकृतीला जप. ग्लासगोच्या धुरात छाती सांभाळ.

तुझा,
बाबा
(डी. मॅकफेल, शर्यतींच्या नौकांचे छायाचित्रकार)


रॉथसे
१७ जून १९२८

एफी,

तुझं कार्ड पोचलं. सात वर्षांत माझ्या नावानं आलेलं पहिलं कार्ड, आणि त्यावर तीन शब्द. 'पट्टीवर नाव कुणाचं?' तीन शब्दांसाठी तिकीट लावायचं म्हणजे पैसे जास्त झालेत तुझ्याकडे.

आज रविवार. आत्या चर्चला गेली आहे. रविवारी घरात लेखणी चाललेली तिला खपत नाही, म्हणून ती यायच्या आत संपवतो.

नाव माझं आहे. माझं म्हणजे दुकानाचं. दुकानातून बाहेर पडणाऱ्या प्रत्येक फोटोवर तेच असतं, तुझ्या जन्माच्या आधीपासून. त्या दिवशी तू लाँचमध्ये होतीस, कॅमेरा तुझ्या हातात होता आणि गोळा तू चावलास, हे मी कधी नाकारलेलं नाही. नाकारलं नाही म्हणजे, कुणी विचारलंच नाही.

लंडनच्या साप्ताहिकानं फोटो छापायला घेतला तेव्हा तू म्हणालीस, खाली माझं नाव घाला. मी म्हणालो, एकोणीस वर्षांच्या पोरीच्या फोटोला कोण विचारतो? आणखीही बरंच बोललो. आवाज चढला होता, मान्य आहे. पण म्हणून सोमवारच्या पहिल्या बोटीनं पेटी घेऊन चालतं व्हायचं? मी अंधारखोलीत होतो. बोटीचा भोंगा ऐकला. प्लेटा उघड्या होत्या, दार उघडलं असतं तर सगळ्या वाया गेल्या असत्या. म्हणून उघडलं नाही.

आता ती टोपीची गोष्ट. सोलान अंगावर आली, तिच्या पुढच्या टोकाची लांब काठी टोपीवरून गेली, तरी मॅकफेल जागचा हलला नाही. ही गोष्ट मी सुरू केलेली नाही. लोकांना आवडते, लोक सांगतात. आता भर दुकानात गिऱ्हाइकाला खोटं पाडायचं का? त्या दिवशी माझी प्रकृती जरा ठीक नव्हती, हे तुला ठाऊक आहे. त्याबद्दल अधिक काही लिहीत नाही.

पट्टी कोरून झाली आहे. टॉरकिलनं मला दाखवली. अक्षरं चांगली आली आहेत.

ड्युगल्ड मॅकफेल

ता. क. आत्यानं दुधासाखरेच्या वड्या केल्यात. मला चावत नाहीत म्हणून तुला पाठवतोय. दुसरं कारण नाही.


रॉथसे
२८ जून १९२८

माझ्या एफी,

काल क्लबात जे झालं ते दुसऱ्या कुणाकडून तुझ्या कानावर जायच्या आत मीच लिहितो. पण त्याआधी शनिवारचं सांगायला हवं, नाहीतर कालचं तुला कळायचं नाही.

शनिवारी वारा नैर्ऋत्येचा होता, चांगला भरलेला. दोन मोठ्या नौका सरावाला बाहेर पडल्या होत्या. मी आर्चीला म्हटलं, चल, कवळीची शेवटची परीक्षा घेऊ. आर्ची आता सत्तरीला आला, पण लाँच अजून त्याच्याच हातात असते. पहिली नौका जवळ आली, शिडं काठोकाठ भरलेली, मी नेम धरला आणि चावलो. गोळा फुस्स करून सुटला आणि त्याच्याबरोबर कवळीही. एकदा काठावर आपटली आणि गेली पाण्यात. वरची. खालची लाँचमध्येच कुठेतरी पडली, म्हणून मी गुडघ्यांवर बसून फळ्यांच्या फटींत चाचपडायला लागलो. आर्ची सुकाणू धरून हसत होता, डोळ्यांतून पाणी येईपर्यंत.

"ऊठ रे डुगी," म्हणाला. "मागच्या वेळी तळाशी बसलास तेव्हा तोंडात दात तरी होते."

मी विचारलं, "मागच्या वेळी म्हणजे?"

त्याचं हसू थांबलं. त्यानं सुकाणू सरळ केलं. मग म्हणाला, "सोलानच्या वेळी."

मी म्हटलं, "मला वाटलं तुझं लक्ष पुढे होतं."

"पुढेच होतं. तू पुढेच बसला होतास."

एफी, सात वर्षं मी त्या माणसाशेजारी लाँचमध्ये बसतोय. त्याच्यादेखत गिऱ्हाइकांना टोपीची गोष्ट सांगितली आहे. तो पाइप भरत बसायचा. मी म्हटलं, मग कधी बोलला का नाहीस? तर म्हणाला, "एफीनं सांगितलं होतं. तू धक्क्याला दोर बांधत होतास तेव्हा. म्हणाली, आर्चीकाका, बाबा घाबरले हे कुणाला सांगू नका हं. त्यांना रोज या लोकांसमोर उभं राहायचं असतं."

पुढे तो काय बोलला ते मी ऐकलं नाही. तोंड फिरवून बसलो. म्हातारपणी डोळ्यांना वारा लागतो.

आता ते मी लिहितो. माझ्या हातानं एकदा लिहिलेलं असू दे. सोलान एका बाजूला पार कलली होती, काठ पाण्याखाली. शिडाआडून तिच्या सुकाणूवाल्याला आपण दिसतच नव्हतो. ती सरळ आपल्या अंगावर येत होती. आर्ची म्हणाला, घट्ट धरा. आणि मी कॅमेरा तुझ्या अंगावर टाकला. हातात दिलासुद्धा नाही, टाकला. आणि खाली बसून दोन्ही हातांनी डोकं धरलं. माझी एकुलती एक पोर वर उभी आहे हे मला ठाऊक होतं. तुला हाताला धरून खाली ओढायचंही मला सुचलं नाही. मला फक्त फळ्या दिसत होत्या आणि तुझे बूट. तपकिरी, एकाची नाडी सुटलेली. मग पाण्याचा सळसळाट डोक्यावरून गेला आणि त्यात झडपेचा आवाज झाला. तो फोटो मी पहिल्यांदा बघितला तो अंधारखोलीतल्या रसायनाच्या ताटलीत. तिथे सोलान वर यायला लागली आणि मला कळलं की असा फोटो मी जन्मात काढलेला नाही.

तेव्हा तुला तसं सांगायला हवं होतं. सांगितलं नाही, कारण तू तिथेच शेजारी उभी होतीस आणि मला तुझ्याकडे बघवत नव्हतं.

भांडणाच्या दिवशी तू एवढंच म्हणालीस की नाव घाला. मी तुला नाही नाही ते बोललो. उद्धट म्हणालो, कृतघ्न म्हणालो. एका वाक्यात तुला मला गप्प करता आलं असतं. ते वाक्य तुझ्याजवळ होतं. ते तू उच्चारलं नाहीस आणि पेटी भरलीस. मी सात वर्षं सगळ्यांना सांगत आलो की पोरगी रागावून गेली. अगं, तू माझी अब्रू झाकून गेलीस. मला लाज वाटते, फार वाटते, आणि त्याहून तुझी माया येते. कुठे ठेवू ती कळत नाही.

तर काल. क्लबाचा दिवाणखाना भरलेला होता, यार्डातले सगळे सुतार आपापल्या रविवारच्या कोटांत. चौकट अशी झाली आहे की सांध्याची रेघ शोधावी लागते. अध्यक्षांनी पडदा ओढला आणि टोपीची गोष्ट सांगितली, माझ्यापेक्षा रंगवून. टाळ्या झाल्या. मग मी उभा राहिलो. म्हणालो, काठी माझ्या टोपीवरून गेली हे खरं आहे. टोपी माझ्या डोक्यावर होती आणि डोकं होडीच्या तळाशी होतं. फोटो माझ्या मुलीनं काढला, युफेमियानं. मी घाबरून खाली बसलो होतो.

तोंडात दात नाहीत, त्यामुळे कुणाला काही कळलंच नाही. मागून कुणीतरी म्हणालं, "काय म्हणाले?" मग पुन्हा बोलावं लागलं, सावकाश, मोठ्यानं. जी गोष्ट एकदा बोलायला सात वर्षं लागली ती मी काल दोनदा बोललो.

एक जण हसला, मग खोकल्याचं सोंग केलं. टॉरकिल उठला, फोटोपाशी गेला आणि जवळ नाक नेऊन बराच वेळ बघत राहिला. "पोरीचा हात हलला नाही," एवढंच म्हणाला. मग कोटाच्या खिशातून स्क्रू काढायचं हत्यार काढलं (जेवणाला येतानाही ते त्याच्या खिशात असतं) आणि सगळ्यांदेखत पट्टी सोडवून घेऊन गेला. आज दुपारी परत बसवली. पट्टी तीच, उलटी केलेली. आता समोर 'युफेमिया मॅकफेल, जुलै १९२१' आहे. माझं नाव भिंतीकडे आहे. मी जाऊन बघून आलो. बरं वाटलं.

घरी आल्यावर आत्या दारातच म्हणाली, "टोपीची गोष्ट तुझ्यापेक्षा मीच जास्त सांगितली आहे रे. आता बाजारात कुठल्या तोंडानं जाऊ?" मग आत गेली, हेरिंग तळली, काटे काढले, बटाट्यात कालवून मऊ केली आणि माझ्यापुढे ठेवली.

पहिल्या पत्रात मी तुला सरळ 'ये' म्हणायला हवं होतं. तेव्हा मला तुझे दात हवे होते, ते कबूल करतो. आता तसं नाही. यंदाच्या शर्यती फोटोंवाचून झाल्या तरी कुणाचं काही अडत नाही. पंधरवडा संपल्यावर ये, हिवाळ्यात ये, लग्नांची गर्दी ओसरली की ये. मला तू हवी आहेस. नाही आलीस तर ते माझ्याच करणीचं फळ, तुझ्यावर बोल नाही.

सोबत त्या फोटोची एक प्रत पाठवतो आहे. मागे दुकानाचा शिक्का मारलेला नाही. उजव्या कोपऱ्यात जागा सोडली आहे, तिथे तुझी सही कर. मग ती तुझ्याजवळ ठेव नाहीतर मला पाठव, मालकी तुझी.

तू उभी राहिलीस तेव्हा तुझ्या पायांशी बसलेला,
तुझा बाबा